उठणे-बसणे : रोजच्या हालचालींचे बळ

यंदाच्या स्मरणिकेसाठी व्यायामावर काहीतरी लिहावे, असा संपादक मंडळाचा आग्रह झाला. विषय समुद्रासारखा आहे. चालण्याने मधुमेह आटोक्यात राहतो, रक्तदाब उतरतो, मन प्रसन्न राहते, हे आता आपल्या सभासदांनाच काय, त्यांच्या घरातील शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. म्हणून मी या लेखापुरता एकच प्रश्न हाती घेतला आहे. जमिनीवर बसलेला मनुष्य, कोणी हात न देता, उभा राहू शकतो काय? आणि राहू शकत नसेल, तर त्यासाठी आपण वैद्यकीय व्यावसायिकांनी काय करावे?

प्रश्न वरकरणी क्षुल्लक वाटेल; पण तो मला एका रुग्णाने दिला आहे. सत्तरी ओलांडलेल्या या आजी आपल्याच मराठी मंडळींपैकी. मुलगा मंडीदीपच्या कारखान्यात पाळीवर आणि सून भोपाळला नोकरीसाठी रोज अप-डाउन करणारी. सकाळी अकराच्या सुमारास न्हाणीघराच्या दाराशी पाय घसरला आणि त्या बसकण मारल्यासारख्या खाली आल्या. हाड मोडले नाही, डोक्याला मार लागला नाही, चक्कर आली नव्हती. मात्र उठता येईना. चार वाजता शेजारीण डोकावली तोपर्यंत, म्हणजे पाच तास, त्या ओल्या फरशीवर होत्या. फोन स्वयंपाकघराच्या ओट्यावर वाजत होता आणि त्यांना ऐकू येत होता. मी पोहोचलो तेव्हा अंग गार पडले होते, जीभ कोरडी होती आणि एका खुब्यावर दाबाने त्वचा लाल-निळी झाली होती. तपासणी आटोपल्यावर मी विचारले, "आजी, यापूर्वी जमिनीवर कधी बसला होता?" त्या म्हणाल्या, "डॉक्टरांनीच बंद करायला सांगितलं ना, गुडघ्यांसाठी! झाली असतील बारा-तेरा वर्षं."

हे उत्तर प्रातिनिधिक आहे. पडण्यापेक्षा पडून राहणे अधिक घातक ठरू शकते, हे वैद्यकीय साहित्यात पूर्वीच नोंदले गेले आहे. इंग्लंडमधील बर्मिंगहॅम येथे घरात पडलेल्या वृद्धांचा एक अभ्यास १९८१ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात तासाभराहून अधिक काळ जमिनीवर पडून राहिलेल्यांपैकी निम्मे लोक सहा महिन्यांच्या आत दगावले होते. केंब्रिज येथे नव्वदीपुढील व्यक्तींचा अभ्यास २००८ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात वर्षभरात पडलेल्यांपैकी सुमारे ८० टक्के लोकांना निदान एकदा तरी स्वतःहून उठता आले नव्हते आणि सुमारे ३० टक्के लोक तासभर किंवा त्याहून अधिक काळ पडून होते. स्नायूंवर सतत दाब येऊन होणारी हानी, त्यातून मूत्रपिंडावर येणारा ताण, शुष्कता, न्यूमोनिया, दाबव्रण ही साखळी डॉक्टर वाचकांना सांगावयास नको. इतर वाचकांनी एवढेच ध्यानात घ्यावे की जमिनीवरून उठता येणे ही सोय नव्हे, ती सुरक्षितता आहे.

आपल्या पूर्वीच्या घरांत हे बळ कोणी मुद्दाम कमावीत नसे. पाटावर बसून जेवण, चुलीपुढे उकिडवे बसून स्वयंपाक, पाटा-वरवंटा, जाते, उखळ-मुसळ, विहिरीचा रहाट, डोक्यावरची घागर, सडा-सारवण आणि परसाकडेला उकिडवे बसणे. दिवसातून किती वेळा मनुष्य भुईपर्यंत जाऊन वर येत असेल, याची गणती कोणी केली नाही. पुढे गॅसचा ओटा आला, जेवणाचे टेबल आले, मिक्सर आला, नळ आला आणि शेवटी कमोड आला. यातील प्रत्येक वस्तूने कष्ट वाचविले. त्याबद्दल मी तरी खेद करणार नाही. पहाटे उठून जात्यावर पायली-पायली दळणाऱ्या, अपुरे खाणाऱ्या आणि बाळंतपणांनी झिजलेल्या बायकांचे शरीर म्हणजे आरोग्याचा आदर्श होता, असे म्हणणाऱ्यांनी त्या बायकांना विचारलेले नसते. ती वेठ होती. परंतु वेठीबरोबर हालचालही गेली, आणि तिच्या जागी दुसरे काही आले नाही, हे मात्र खरे.

आपल्या परिसरात हा बदल एका पिढीत घडला. रायसेन जिल्ह्यातील हे गाव, भोपाळपासून जेमतेम वीस-बावीस किलोमीटरवर, कारखाने आले तसे वाढत गेले. नोकरीनिमित्त विदर्भातून, खानदेशातून, इंदूर-ग्वाल्हेरकडून आलेली मराठी कुटुंबे क्वार्टरमध्ये आणि मग फ्लॅटमध्ये स्थिरावली. आजोबा शेतात वाकत होते, मुलगा यंत्रापुढे उभा राहिला आणि नातू संगणकापुढे बसला. जवळच भीमबेटका आहे. डॉ. विष्णु श्रीधर वाकणकरांनी १९५७ मध्ये तेथील शैलाश्रय जगापुढे आणले. त्या चित्रांत माणसे धावतात, नाचतात, शिकार करतात. खुर्चीत बसलेला मनुष्य मला तरी तेथे आढळला नाही!

आता मूळ विषयाकडे वळू. अलीकडे 'फंक्शनल एक्सरसाइज' हा शब्द भोपाळच्या जिममधूनही ऐकू येतो. मराठीत त्यास क्रियात्मक व्यायाम म्हणता येईल. कल्पना सरळ आहे. एकेका स्नायूला वेगळे काढून फुगविण्याऐवजी, दैनंदिन जीवनात ज्या क्रिया कराव्या लागतात त्यांचाच सराव क्रमाक्रमाने वाढत्या भाराने करावयाचा. बसून उठणे, वाकून उचलणे, पायरी चढणे, ढकलणे, ओढणे, ओझे घेऊन चालणे, वळणे आणि एका पायावर तोल सांभाळणे, या सात-आठ क्रियांत माणसाचा बहुतेक दिवस सामावतो. शरीर ज्या गोष्टीचा सराव करते, तीच त्याला चांगली जमू लागते, हे व्यायामशास्त्राचे मूलतत्त्व आहे. टेबलाच्या कडेवर बसून पाय सरळ करण्याचा व्यायाम मांडीचे बळ वाढवितो. पण उठताना लागणारा घोट्याचा, खुब्याचा, पाठीचा आणि डोळ्यांचा मेळ तो शिकवीत नाही. डळमळत्या चेंडूवर उभे राहून केलेल्या कसरतींनाही हेच नाव दिले जाते. त्या पाहावयास प्रेक्षणीय असतात. परंतु डळमळत्या चेंडूवर उभे राहून कोणीही भाजी आणत नाही.

उठण्याची क्रिया एकदा नीट निरखून पाहावी. खुर्चीत बसलेल्या व्यक्तीच्या शरीराचा भार बैठकीवर असतो. उठताना प्रथम पावले गुडघ्यांच्या किंचित मागे जातात. मग धड खुब्यातून पुढे झुकते आणि शरीराचा गुरुत्वमध्य बैठकीवरून सरकून पावलांवर येतो. त्या क्षणी नितंब खुर्चीवरून सुटतात. हाच सर्वांत अवघड क्षण. मांडीचे पुढील स्नायू आणि नितंबाचे मोठे स्नायू एकाच वेळी जोर लावतात, गुडघे व खुबे सरळ होतात आणि शेवटी पोटऱ्या तोल आवरतात. ज्यांना उठता येत नाही त्यांच्यापैकी कित्येकांना बळ थोडे कमी असते, पण त्याहून मोठी अडचण ही की ते पुढे झुकतच नाहीत. पडण्याच्या भीतीने धड मागे ठेवून हातांनी शरीर वर ढकलू पाहतात. अशा रुग्णाला "पाय मागे घ्या आणि नाक पायाच्या बोटांच्या पुढे आणा" एवढे एकच वाक्य सांगितल्यावर तो पहिल्या प्रयत्नात उठतो, हा अनुभव आपल्यापैकी अनेकांना असेल.

दुसरी गोष्ट राखीव बळाची. तरुण मनुष्य खुर्चीतून उठताना आपल्या सामर्थ्याचा निम्मा भागही खर्च करीत नाही. वयाबरोबर स्नायू घटतात. त्यांतही झटकन जोर लावणारे तंतू आधी घटतात. वार्धक्यातील या ऱ्हासाला अमेरिकेतील आयर्विन रोझेनबर्ग यांनी १९८९ मध्ये 'सार्कोपेनिया' हे नाव सुचविले. एक वेळ अशी येते की खुर्चीतून उठण्यास जवळजवळ सगळे बळ लागते आणि शिल्लक काहीच उरत नाही. तोपर्यंत घरात कोणाच्या लक्षातही येत नाही, कारण आजोबा उठत तर असतात! मग चार दिवसांचा ताप येतो, अंथरुणात राहावे लागते, जे थोडे शिल्लक असते तेही जाते आणि पाचव्या दिवशी आजोबा उठत नाहीत. नातेवाईक म्हणतात, तापाने खचले. ताप निमित्त असतो. शिल्लक आधीच संपलेली असते.

ही शिल्लक उतारवयातही वाढविता येते काय? याचे उत्तर १९९० मध्ये बोस्टनहून मिळाले. मारिया फियातारोन यांनी शुश्रूषागृहात राहणाऱ्या, सरासरी नव्वद वर्षांच्या दहा दुर्बल व्यक्तींना आठ आठवडे मांडीच्या स्नायूंसाठी भाराचा व्यायाम दिला. ज्या नऊ जणांनी तो पूर्ण केला त्यांचे बळ सरासरी १७४ टक्क्यांनी वाढले. प्रयोग लहान होता, हे मान्य. पण त्याच चमूने शंभर जणांवर केलेला मोठा अभ्यास १९९४ मध्ये प्रसिद्ध झाला, आणि त्यानेही हीच दिशा दाखविली. पहिल्या प्रयोगातील आणखी एक आकडा मला अधिक बोलका वाटतो. व्यायाम थांबविल्यावर अवघ्या चार आठवड्यांत बळ ३२ टक्क्यांनी घटले. शरीर उधारी ठेवीत नाही.

आता त्या "डॉक्टरांनीच बंद करायला सांगितलं" या वाक्याकडे येतो. गुडघेदुखीच्या रुग्णाला मांडी घालू नका, खाली बसू नका, जिना चढू नका, भारतीय पद्धतीचे शौचालय वापरू नका, असा सल्ला सर्रास दिला जातो. त्यास आधार नाही असे नव्हे. तासन् तास उकिडवे बसून काम करणाऱ्यांत गुडघ्याचा संधिवात अधिक आढळतो. बीजिंगमधील वृद्धांच्या अभ्यासातही, तारुण्यात दीर्घकाळ उकिडवे बसण्याचा गुडघ्याच्या झिजेशी संबंध दिसला. परंतु रोज दोन तास उकिडवे बसणे आणि दिवसातून दहा वेळा खाली जाऊन वर येणे, या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिल्यात सांधा एकाच स्थितीत दाबला जातो. दुसऱ्यात तो फिरतो आणि त्याभोवतीचे स्नायू काम करतात. शिवाय मनाईचा कागद हाती देताना त्यावर मुदत लिहिलेली नसते. सूज असताना पंधरा दिवसांसाठी दिलेला सल्ला रुग्ण जन्मभर पाळतो. मांडीचे स्नायू वाळतात, घोटा आखडतो, गुडघ्यावरील ताण उलट वाढतो आणि बारा वर्षांनी न्हाणीघराच्या दाराशी त्याचा हिशेब होतो. गुडघ्याच्या संधिवातात व्यायाम हा उपचाराचा पाया आहे, हे आज सर्व प्रमुख मार्गदर्शक सूचना एकमुखाने सांगतात. म्हणून माझे मत असे की मनाई लिहावयाची असेल तर तिच्यासोबत परतीची तारीखही लिहावी.

किती बळ आहे हे मोजण्यास यंत्र लागत नाही. एक खुर्ची आणि सेकंद दाखविणारे घड्याळ पुरे. सुमारे १७ इंच उंचीची, हात नसलेली खुर्ची भिंतीला टेकवून ठेवावी. दोन्ही हात छातीवर आडवे घेऊन ३० सेकंदांत किती वेळा पूर्ण उभे राहता येते ते मोजावे. कॅलिफोर्नियातील रिकली व जोन्स यांनी १९९९ मध्ये ही चाचणी प्रमाणित केली. अमेरिकेच्या आरोग्य यंत्रणेच्या तक्त्यानुसार ६० ते ६४ वयाच्या पुरुषाला १४ पेक्षा कमी आणि स्त्रीला १२ पेक्षा कमी वेळा जमले, तर बळ सरासरीहून कमी समजावे. ७० ते ७४ वयात हेच आकडे पुरुषांसाठी १२ व स्त्रियांसाठी १० आहेत. हे आकडे तेथील लोकांचे आहेत, हे विसरू नये. तरी मार्गदर्शक म्हणून उपयोगी पडतात. दुसरी चाचणी अशी: खुर्चीतून उठून नेहमीच्या गतीने तीन मीटर चालावे, वळावे, परत येऊन बसावे. यास १२ सेकंद किंवा अधिक लागले, तर पडण्याचा धोका आहे असे मानतात. तिसरी त्याहून सोपी: एका पावलाची टाच दुसऱ्या पावलाच्या बोटांना लावून, एका रेषेत, दहा सेकंद उभे राहता येते का? ही करताना शेजारी कोणी तरी उभे असावेच.

जमिनीवर बसून उठण्याचीही एक चाचणी आहे. ब्राझीलमधील डॉ. क्लाउदिओ जिल अराउजो यांनी ती रचली. बसण्याचे पाच आणि उठण्याचे पाच असे दहा गुण. हात, कोपर, गुडघा टेकला की प्रत्येक आधाराला एक गुण वजा आणि तोल गेला तर अर्धा. ५१ ते ८० वयाच्या २००२ व्यक्तींवरील त्यांचा अभ्यास २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. ज्यांना ० ते ३ गुण होते त्यांच्यात मृत्यूचे प्रमाण, ८ ते १० गुण मिळविणाऱ्यांच्या तुलनेत पाच ते सहा पट होते. हा केवळ संबंध आहे, कारण नव्हे. जो आधीच आजारी आहे त्याला उठणे जड जाणारच. तरी रक्ताच्या अहवालात जे दिसत नाही ते या दहा गुणांत दिसते, यात शंका नाही.

आता प्रत्यक्ष व्यायाम. पहिला आणि मुख्य, खुर्चीतून उठून बसण्याचा. ज्यांना नेहमीच्या खुर्चीतून हाताशिवाय उठता येत नाही त्यांनी बैठकीवर उशी किंवा घडी केलेली चादर ठेवून उंची वाढवावी. दहा वेळा सहज जमू लागले की एक घडी कमी करावी. खुर्चीवरून स्टुलावर, स्टुलावरून चौरंगावर, चौरंगावरून पाटावर, असे महिनोन् महिने उतरत जावे. बसताना धपकन न बसता सावकाश, मनात तीन अंक मोजत बसावे; कारण उतरतानाचे नियंत्रण हेच पडण्यापासून वाचविते. उठताना मात्र शक्य तेवढ्या चपळाईने उठावे.

दुसरा खुब्यातून वाकण्याचा. बादली उचलताना बहुतेक लोक कमरेतून गोल वाकतात. भिंतीकडे पाठ करून वीतभर अंतरावर उभे राहावे, गुडघे किंचित सैल सोडावेत आणि पाठ सरळ ठेवून नितंब मागे नेत भिंतीला टेकवावेत. कमरेऐवजी खुबा मोडला पाहिजे, हे शरीराला या युक्तीने लवकर कळते. पुढे हातात पाण्याची अर्धी बादली घ्यावी. ढकलण्यासाठी भिंतीवर हात टेकून जोर काढावेत. जमले की स्वयंपाकघराच्या ओट्यावर हात टेकून. ओढण्याची क्रिया रहाटाबरोबर घरातून पार गेली. भक्कम खांबाला किंवा खिडकीच्या गजाला जाड पंचा अडकवून, मागे कलून, स्वतःला पुढे ओढून घ्यावे. भाजीच्या दोन पिशव्या समान वजनाच्या करून, खांदे मागे ठेवून, घराच्या लांबीत चार फेऱ्या माराव्यात. एकदा दोन्ही हातांत, एकदा एकाच हातात; एका हातातील ओझे कुशीच्या स्नायूंना जे शिकविते ते इतर व्यायामाने सहसा साधत नाही. सर्वांत खालच्या पायरीवर चढ-उतार करावी. दात घासताना बेसिनला एक बोट लावून एका पायावर उभे राहावे. भोजपूरच्या मंदिराच्या उंच ओट्यावर शिवरात्रीच्या गर्दीत कठड्याशिवाय चढता-उतरता यावे, एवढे उद्दिष्ट मंडीदीपकरांना पुरेसे आहे.

प्रत्येक क्रिया आठ ते बारा वेळा, दोन किंवा तीन फेऱ्या, आठवड्यातून दोन-तीन दिवस. शेवटच्या दोन वेळा जड वाटल्या पाहिजेत. मुळीच जड न वाटल्यास भार वाढवावा. अंक मोठ्याने मोजावेत म्हणजे श्वास कोंडला जात नाही. रक्तदाबाच्या रुग्णांना हे आवर्जून सांगावे. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२० च्या सूचनाही हेच सांगतात: आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रम, निदान दोन दिवस बळाचे व्यायाम आणि पासष्टीपुढील व्यक्तींसाठी तीन दिवस तोल व बळ यांचा एकत्र सराव. सकाळी तळ्याकाठी तासभर फिरून येणारे आपले अनेक ज्येष्ठ पहिल्या अटीत उत्तीर्ण होतात आणि बाकीच्या दोन्हींत नापास.

यानंतर जमिनीवरून उठणे. हे पडण्यापूर्वी शिकावयाचे असते आणि ते उलट्या क्रमाने शिकविल्यास भीती राहत नाही. प्रथम भक्कम खुर्चीच्या बैठकीवर दोन्ही हात टेकून उभे राहावे आणि एक पाय मागे घेऊन, त्याच गुडघ्याखाली उशी येईल असे, अर्धे खाली जाऊन परत यावे. काही दिवसांनी गुडघा उशीवर टेकवावा. मग दुसराही टेकवावा आणि पुन्हा एकेक पाय उचलून उठावे. त्यानंतर हात खुर्चीवरून जमिनीवर आणून रांगण्याची स्थिती घ्यावी, परत यावे. पुढे रांगण्यातून कुशीवर बसावे, कोपरावर यावे आणि शेवटी आडवे व्हावे. प्रत्येक टप्प्यावरून परतीची वाट आधीच पाठ झालेली असते. प्रत्यक्ष पडल्यावर हीच वाट उलट चालावयाची: घाई न करता मिनिटभर पडून राहावे, कुठे दुखते ते पाहावे, कुशीवर वळावे, कोपरावर यावे, रांगत जवळच्या पलंगापर्यंत किंवा खुर्चीपर्यंत जावे, त्यावर हात टेकावेत, बळकट पायाचे पाऊल पुढे रोवावे, उठावे आणि लगेच वळून बसावे. खुबा किंवा मणका मोडल्याची शंका असेल तर मात्र हलू नये, आणि त्यासाठी फोन कमरेला असलेला बरा. त्या आजी हे सर्व शिकण्यास साडेतीन महिने लागले. गुडघे आजही दुखतात. परंतु गेल्या चैत्रात त्या हळदीकुंकवाला सतरंजीवर बसल्या.

महाराष्ट्रात ही विद्या परकी नाही, उलट आपल्याकडे तिची समृद्ध परंपरा आहे. बैठक म्हणजे उठणे-बसणेच; फक्त ती लयीत आणि शेकड्याने काढलेली. जोर म्हणजे ढकलणे आणि खुबा मोडणे एकत्र. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी सूर्यनमस्कार शाळा-शाळांतून रुजविले आणि १९३८ मध्ये त्यांचे इंग्रजी पुस्तक लंडनहून निघाले. नमस्कारात वाकणे, एक पाय मागे नेणे, ढकलणे हे सर्व एका सूत्रात ओवलेले आहे. अमरावतीचे हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ चे. वैद्य बंधूंनी स्थापिलेल्या त्या संस्थेच्या पथकाने १९३६ मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी व्यायामांची प्रात्यक्षिके केली. बडोद्याहून मुजुमदारांनी दहा खंडांचा 'व्यायाम ज्ञानकोश' सिद्ध केला. मुद्गल आणि करेल फिरविण्यात वळणे आहे, मल्लखांबात ओढणे आहे. उणीव असलीच तर ही की ही परंपरा आखाड्यातील तरुणाची होती. साठीच्या गृहिणीला तिने पायऱ्या करून दिल्या नाहीत. शंभर बैठका काढणाऱ्याचे कौतुक झाले. पाटावरून एकदा उठू पाहणारीसाठी आखाड्यात जागा नव्हती. ती पायरी-पायरीची रचना करणे हे आता आपले काम.

कारखान्यातील कामगाराविषयी वेगळे सांगितले पाहिजे, कारण त्याला हा सल्ला जसाच्या तसा लागू नाही. आठ तास यंत्रापुढे उभा असलेला, किंवा गोण्या उतरविणारा मनुष्य पाठ धरून येतो तेव्हा त्याला "व्यायाम करा" म्हणणे क्रूर थट्टा ठरू शकते. अमेरिकेच्या व्यावसायिक आरोग्य संस्थेने १९९१ मध्ये सुधारलेल्या सूत्रात, सर्व परिस्थिती अनुकूल असताना, उचलण्याच्या वजनाची मर्यादा २३ किलो धरली आहे. आपल्याकडील सिमेंटची गोणी ५० किलोची असते. येथे स्नायू बळकट करण्याआधी गोणी हलकी करणे, ढकलगाडी देणे, ओट्याची उंची कमरेएवढी आणणे हे उपचार आहेत. व्यायाम द्यावयाचाच तर कामाच्या विरुद्ध दिशेचा द्यावा: दिवसभर पुढे वाकणाऱ्याला मागे झुकण्याचा, उभ्या राहणाऱ्याला घोटे व पोटऱ्या हलविण्याचा, एकाच बाजूने वळणाऱ्याला दुसऱ्या बाजूचा. त्याचे दुखणे बळ कमी असल्यामुळे नसून विसावा कमी असल्यामुळे असू शकते.

काही सावधगिरी. चालताना छातीत दुखणे, दम लागणे, अनियंत्रित रक्तदाब असल्यास आधी तपासणी. हाडे ठिसूळ असून मणका दबलेला असल्यास पुढे गोल वाकण्याचे व्यायाम टाळावेत. खुबा बदललेल्या रुग्णाने किती खाली बसावे हे शस्त्रक्रिया करणाऱ्या सर्जनला विचारावे. पायांना बधिरपणा असलेल्या मधुमेहींनी तोलाचे व्यायाम कोपऱ्यात, दोन्ही बाजूंस भिंती असताना करावेत. व्यायामानंतर दुखणे वाढून दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत पूर्ववत झाले तर चालेल. सांधा सुजला किंवा दुखणे टिकून राहिले तर उंची वाढवावी, व्यायाम सोडू नये. आणि वरण-उसळ, दूध-दही, चालत असल्यास अंडी, यांवाचून स्नायू घडत नाहीत. चहा-बिस्किटावर जगणाऱ्या ज्येष्ठांना बैठका सांगणे व्यर्थ आहे.

डॉक्टर मित्रांना एक सूचना करावीशी वाटते. 'व्यायाम करा' हे शब्द प्रिस्क्रिप्शनच्या तळाशी, सहीच्या वर, घाईने लिहिले जातात आणि रुग्ण ते वाचत नाही. औषधाप्रमाणे मात्रा लिहावी. "उशी ठेवलेल्या खुर्चीतून हात न लावता उठणे-बसणे, १० वेळा, सकाळ-संध्याकाळ, जेवणापूर्वी, आठवड्यातून तीन दिवस, सहा आठवडे." रुग्णाच्या कागदावर रक्तदाबाच्या खाली आणखी दोन नोंदी कराव्यात: ३० सेकंदांत किती वेळा उठला, आणि सर्वांत कमी किती उंचीवरून हाताशिवाय उठला. उंची इंचांत लिहावी. सहा आठवड्यांनी त्याला बोलवावे, तीच खुर्ची पुढे करावी आणि घड्याळ लावावे. ही तपासणी दवाखान्याच्या बाकापाशी, दोन मिनिटांत होते. बाकाची उंची एकदा टेपने मोजून ठेवली म्हणजे झाले.